रंगाआधीची धूळ

मैत्रिणींनो, नवरात्र संपले की आपल्या घराघरांतून एकच विषय निघतो. फराळाचे मागाहून पाहू, आधी रंगाचे काय? आमच्याकडेही गेल्या दिवाळीपूर्वी तोच विषय निघाला. या सदरातून मी तुम्हाला वर्षभर काही ना काही सांगत असते, पण आज जे सांगणार आहे ते माझ्याच चुकीतून शिकलेले आहे. त्यामुळे जरा मोकळेपणानेच लिहिते.

साताऱ्यात आमचे बैठे घर आहे. मागे पडवी. ही पडवी माझ्या सासऱ्यांनी चाळीसएक वर्षांपूर्वी बंद करून घेतली. लाकडी चौकट, तिच्यावर खिळ्यांनी ठोकलेले सिमेंटचे सपाट पत्रे आणि डोक्यावर सिमेंटचाच नालीदार पत्रा. घरात नवी खोली आल्यासारखे झाले होते, असे सासूबाई अजून कौतुकाने सांगतात. गेल्या वर्षी तिथेच एका कोपऱ्यात कपडे धुण्याचे यंत्र ठेवण्यासाठी आम्ही आडोसा केला. त्याला मात्र बाजारात हल्ली मिळतात ते नवे फायबर सिमेंटचे बोर्ड लावले. सकाळी आठवड्यातून तीन दिवस मी शाळेत मराठी शिकवायला जाते आणि संध्याकाळी याच पडवीत चौथी-पाचवीच्या आठ-दहा मुलांची शिकवणी घेते. म्हणजे घरातली सर्वांत वापरती जागा ही!

जुन्या पत्र्यांवरचा रंग जागोजाग पोपडे धरून सुटला होता. नवे बोर्ड तर कोरेच होते. आमचे नेहमीचे पेंटरमामा आले. त्यांच्याबरोबर त्यांचा भाचा, असेल अठरा-एकोणीस वर्षांचा. मी मामांना बजावले, "मामा, या वेळी चांगलं घासून घ्या बरं का. हाताला खडबडीत लागता कामा नये." हे वाक्य माझेच, म्हणून लक्षात ठेवले आहे.

दुपारी एकच्या सुमारास शाळेतून घरी आले आणि मागचे दार उघडून पाहते तो काय! पडवीभर करड्या पिठासारखी धूळ. मामांनी घासायचे विजेचे यंत्र भाड्याने आणले होते. लोणच्याच्या बरण्यांच्या दादऱ्यांवर धूळ, दोरीवरच्या कपड्यांवर धूळ, तुळशीच्या पानांवरसुद्धा धूळ. त्या पोराच्या भुवया आणि पापण्या म्हाताऱ्यासारख्या पांढऱ्या झालेल्या. तोंडाला बांधलेला रुमाल खाली गळ्यात ओढून तो तिथेच उकिडवा बसून भाकरी खात होता.

मी काय केले असेल? पदर खोचला, केरसुणी घेतली आणि पाच मिनिटांत सगळे झाडून काढले! कोरड्याने. स्वतःवर खूश होते मी. संध्याकाळी मुले आली तेव्हाही बाकांवर थर होताच. दोघा-तिघांनी बोटांनी त्या धुळीत आपापली नावे लिहिली आणि मी हसले.

रात्री माझ्या मावसभावाचा फोन आला. तो बांधकामातला इंजिनियर आहे. दिवाळीला येण्याचे ठरवत होता. बोलता बोलता मी रंगाचे सांगितले. तो एकदम थांबला आणि म्हणाला, "ताई, तो पत्रा कधीचा?" मी सांगितले. "आणि तो घासला? यंत्राने?" त्याचा आवाज ऐकूनच माझ्या पोटात धस्स झाले. "उद्या सकाळी काम थांबव. मी येतो."

पत्र्यात असते तरी काय?

दुसऱ्या दिवशी त्याने जे समजावले ते आधी सांगते, म्हणजे पुढचे आपोआप उमजेल.

नुसत्या सिमेंटचा पातळ पत्रा केला तर तो पापडासारखा मोडेल. आपल्या आज्या भिंतीच्या मातीत काड, भुसा, तूस मिसळत असत, ते कशासाठी? माती धरून राहावी म्हणून. तसेच सिमेंटमध्ये धागे मिसळावे लागतात. ऑस्ट्रियातल्या लुडविग हाट्शेक नावाच्या माणसाने १९०० च्या सुमारास सिमेंटात ॲस्बेस्टॉसचे धागे घालून असा पत्रा बनवण्याची रीत काढली. ॲस्बेस्टॉस म्हणजे खाणीतून निघणारे, धाग्याधाग्यांचे खनिज. ना जळते, ना कुजते, आणि स्वस्तही. मग जगभर छपरांवर आणि भिंतींवर तेच चढले. आपल्याकडच्या जुन्या सिमेंटच्या पत्र्यांत शंभर भागांत साधारण दहा-पंधरा भाग ॲस्बेस्टॉस असते, बाकी बहुतेक सिमेंट.

पत्रा धड असतो तोवर हे धागे सिमेंटात घट्ट बसलेले असतात. त्याच्याखाली बसल्याने, झोपल्याने लगेच काही होते असे नाही. पण तोच पत्रा घासला, कापला, फोडला, त्याला भोक पाडले की धागे सुटतात. ते इतके बारीक की डोळ्यांना दिसत नाहीत, आणि हवेत तासन् तास तरंगतात. श्वासाबरोबर फुप्फुसात जातात आणि शरीराला ते विरघळवता येत नाहीत. त्यातून फुप्फुसे कडक होण्याचा ॲस्बेस्टॉसिस, फुप्फुसांचा कर्करोग आणि फुप्फुसांच्या आवरणाचा कर्करोग होऊ शकतो. सर्व प्रकारचे ॲस्बेस्टॉस कर्करोगाला कारण होते, असे जागतिक आरोग्य संघटना स्पष्ट सांगते. ब्रिटनने १९९९ साली पांढऱ्या ॲस्बेस्टॉसवरही बंदी आणली. ऑस्ट्रेलियात २००३ च्या अखेरीपासून त्याच्या वापरावर पूर्ण बंदी आहे.

यातली सर्वांत फसवी गोष्ट म्हणजे हा आजार लगेच दिसत नाही. वीस, तीस, चाळीस वर्षांनी दिसतो. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी १९९५ मध्ये ॲस्बेस्टॉसच्या कारखान्यांतील कामगारांविषयी निकाल दिला. कामगार नोकरीस लागल्यापासून निदान ४० वर्षे किंवा नोकरी सुटल्यानंतर १५ वर्षे, यांतले जे नंतरचे असेल तोवर त्याच्या आरोग्याची नोंद सांभाळून ठेवा, असा त्यात आदेश आहे. चाळीस वर्षे! आपल्याकडे रेशनकार्डसुद्धा इतके दिवस टिकत नाही. कारखान्यातल्या कामगाराची नोंद तरी अशी ठेवायची असते. घरोघर जाऊन पत्रे घासणाऱ्या आमच्या मामांची नोंद कोण ठेवणार?

आणि एक गोष्ट तर आपल्या बायकांच्याच संबंधातली आहे. १९६५ साली म्युरिअल न्यूहाउस आणि हिल्डा थॉम्पसन या दोघींनी लंडनमधल्या रोग्यांचा एक अभ्यास प्रसिद्ध केला. फुप्फुसाच्या आवरणाचा हा कर्करोग झालेल्यांमध्ये काही बायका अशा निघाल्या, की ज्या कधी कारखान्यात गेल्याच नव्हत्या. त्या घरी बसून नवऱ्याचे कामाचे कपडे झटकून धूत होत्या. हे ऐकले आणि मला आदल्या दिवशीची माझी केरसुणी आठवली.

नव्या बोर्डाचे काय?

मी म्हटले, "बरं, जुन्याचं कळलं. पण आडोशाचे बोर्ड तर नवे आहेत. त्यावर ॲस्बेस्टॉस नाही असं लिहिलेलं होतं." भाऊ म्हणाला, "म्हणून ते घासायला मोकळीक आहे असं समजू नकोस."

नव्या फायबर सिमेंटच्या बोर्डात लाकडाच्या लगद्याचे धागे असतात. ते ॲस्बेस्टॉससारखे घातक नाहीत. पण त्यात सिमेंटबरोबर वाळूची बारीक पूड असते, म्हणजेच सिलिका. कोरड्या घासण्याने ती उडते. सिलिकाची बारीक धूळ वर्षानुवर्षे छातीत गेली की सिलिकोसिस होतो. त्यावर औषध नाही. फुप्फुसाच्या कर्करोगाच्या कारणांतही तिची गणना होते.

हे ऐकताना मला शाळेतली पाटी आठवली. आपण सगळ्याच पाटीवरच्या पेन्सिलीने अक्षरे गिरवत मोठ्या झालो. मध्य प्रदेशातल्या मंदसोर भागात या पेन्सिली दगड कापून बनवत. तिथले कामगार ऐन तरुणपणी सिलिकोसिसने खंगत असत. अहमदाबादच्या राष्ट्रीय व्यवसायजन्य आरोग्य संस्थेने त्यांची पाहणी केली होती. मी पंधरा वर्षे मुलांना शिकवते आहे. पेन्सिल खाऊ नका म्हणून ओरडत आले. ती कापणाऱ्याच्या छातीचा विचार मात्र कधी मनात आला नव्हता.

घासायचे कशासाठी?

आता मुद्द्याचे. पेंटरमामांशी माझे जे बोलणे झाले त्यातून मला हे उलगडले.

मामा म्हणाले, "वहिनी, घासल्याबिगर रंग धरत न्हाई. तीस वर्सं हेच काम करतोय."

त्यांचे अगदीच चूक नव्हते. लाकडाला, लोखंडाला, लांबी भरलेल्या भिंतीला पॉलिशपेपर मारावाच लागतो. पण सिमेंटचा पत्रा मुळातच किंचित खरखरीत आणि पाणी पिणारा असतो. रंग धरण्यापुरती खरखर त्याला जन्मतःच असते. त्याला हवे असते ते इतकेच, की वरची भुकटी, शेवाळ, तेलकटपणा आणि सुटलेले पोपडे निघावेत आणि पत्रा पूर्ण वाळलेला असावा. हे काम पाण्याने होते. मग घासण्याचा हट्ट कोणाचा? माझा. मला आरशासारखी गुळगुळीत भिंत हवी होती, आणि ती मिळावी म्हणून मामा आणि त्यांचा भाचा दिवसभर ती धूळ खात होते.

सासूबाईंना हे पटेना. "आमच्या वेळी नव्हती ही थेरं," त्या म्हणाल्या. "याच पत्र्याखाली तुझ्या नवऱ्याची मुंज झाली. काय झालं त्याला?" आमच्या ह्यांनीही आईचीच री ओढली, "अगं, काही होत नाही. सणाच्या तोंडावर काम अडवू नकोस." मी म्हटले, "पत्र्याखाली राहिल्याने काही झालं नाही, कारण तो कोणी घासला नव्हता. मी घासायला लावला." यावर दोघेही गप्प बसले. पटले म्हणून नव्हे, पण बसले.

आता पद्धत सांगते

आपल्या घरातही असे पत्रे किंवा बोर्ड असतील तर पुढील गोष्टी कापून कपाटाच्या दाराला आतून चिकटवून ठेवा. घरमालकीण म्हणून पेंटरला काम आपणच सांगतो, त्यामुळे हे माहीत असणेही आपल्यालाच हवे.

पहिले म्हणजे, पत्रा कोणता ते ठरवा. नुसते पाहून किंवा ठोकून ॲस्बेस्टॉस आहे की नाही हे कोणालाच कळत नाही. त्यासाठी प्रयोगशाळेत सूक्ष्मदर्शकाखाली तपासणी लागते. म्हणून जुना सिमेंटचा पत्रा, सपाट असो की नालीदार, ॲस्बेस्टॉसचाच आहे असे धरून चाला. नवीन नालीदार पत्राही ॲस्बेस्टॉसचा असू शकतो. खरेदी करताना दुकानदाराला स्पष्ट विचारा आणि 'ॲस्बेस्टॉस-विरहित' असे बिलावर लिहून घ्या. शंका असेल तर जुन्याचेच नियम लावा.

जुना पत्रा असेल तर तो घासायचा नाही. पॉलिशपेपर नाही, तारेचा ब्रश नाही, काथ्या नाही, यंत्र तर नाहीच नाही. जोराच्या पाण्याचा फवाराही मारू नका. त्याने पत्र्याचा वरचा थर सुटतो आणि तुषारांबरोबर चोहीकडे जातो. करायचे ते असे. खाली जाड प्लॅस्टिक अंथरा. झारीने किंवा फवाऱ्याच्या बाटलीने पत्रा हळूहळू पूर्ण भिजवा. पाण्यात भांडी घासायच्या पातळ साबणाचे काही थेंब टाकले की पाणी चांगले मुरते. मग ओल्या मऊ फडक्याने पुसत जा. ओला पोपडा सहज निघेल तेवढाच उचला, जो निघत नाही तो तसाच राहू द्या, त्याच्यावरून रंग बसतो. शेवाळ असेल तर ब्लीचिंग पावडर पाण्यात कालवून, निवळलेले पाणी लावून ठेवा आणि नंतर मऊ ब्रशने, पत्रा ओला असतानाच, काढा. हे पाणी साबणाच्या किंवा ॲसिडच्या पाण्यात मात्र मिसळू नका. वापरलेली फडकी पुन्हा धुऊन वापरायची नाहीत. ओलीच दुहेरी प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधून टाकायची.

पत्रा तडकलेला, कडांना भुसभुशीत, हात लावला तर पीठ सुटणारा असेल तर त्याला रंगवण्याच्या भानगडीत पडू नका. तो बदलायला झाला. बदलतानाही न फोडता, भिजवून, खिळे-बोल्ट काढून अख्खा उतरवावा, प्लॅस्टिकमध्ये गुंडाळावा आणि विल्हेवाटीचे नगरपालिकेत विचारावे. तुकडे करून अंगणात भराव घालणे किंवा चुलीपुढे लावणे नको. आपल्याकडे कोंबड्यांच्या खुराड्यावरही हेच तुकडे असतात!

छपराच्या पत्र्यावर कोणालाही चढू देऊ नका. सिमेंटचा जुना पत्रा माणसाच्या वजनाने अचानक मोडतो आणि माणूस सरळ खाली येतो. पेंटर कितीही म्हणाला 'सवय आहे', तरी शिडी आणि आडव्या फळ्या लावूनच काम करायला सांगा.

नवा, ॲस्बेस्टॉस नसलेला बोर्ड असेल तर तोही सरसकट घासायचे कारण नाही. सांधे भरले असतील, कडा खडबडीत असतील किंवा आधीचा चकचकीत तेलरंग असेल तेवढ्याच जागा घासा, आणि त्याही ओल्या. त्यासाठी वॉटरपेपर मिळतो. १८० किंवा २२० नंबरचा घ्या. लाकडाच्या लहान ठोकळ्याला गुंडाळा. बोर्ड भिजवा, हलक्या हाताने गोल गोल फिरवा, पेपर बादलीत सारखा खळखळा आणि निघालेला राळ वाळायच्या आत ओल्या फडक्याने टिपून घ्या. वाळला की त्याची पुन्हा धूळच होते. सांधे भरायचा मसाला पाण्याने विरघळणारा नाही ना, एवढे डब्यावर आधी वाचून घ्या. सिमेंटचे पाणी चुन्यासारखे हात खाते, म्हणून रबरी हातमोजे घाला. डोळ्यांना चष्मा असावा. बादलीतला गाळ मोरीत ओतू नका, मोरी तुंबते. रात्रभर बसू द्या, वरचे पाणी ओता आणि गाळ पिशवीत भरून टाका.

बोर्ड कापायचा असेल तर ग्राइंडरने कापू देऊ नका. पातळ बोर्डावर धारदार हत्याराने खोल रेघ मारून तो मोडता येतो. कापण्यातून उडणारी धूळ घासण्यापेक्षा जास्त असते.

मास्कचे सांगते. कोविडच्या दिवसांत, २०२० साली, आपल्याला एन-९५ मास्क माहीत झाला. नव्या बोर्डाच्या ओल्या घासकामाला तो चालतो, पण नाकावरची पट्टी दाबून, दोन्ही पट्टे डोक्यामागे घेऊन नीट बसवला तरच. दाढी असेल तर कडेने हवा शिरते. तोंडाला बांधलेला रुमाल किंवा पदर यांनी बारीक धूळ मुळीच अडत नाही. ॲस्बेस्टॉसच्या धुळीला मात्र एन-९५ पुरेसा मानत नाहीत. म्हणूनच तिथे धूळ होऊच द्यायची नाही. मास्क घातला म्हणून कोरडे घासायला मोकळीक मिळत नाही.

जुन्या तेलरंगाची आणखी एक भानगड आहे. घरगुती रंगांत शिसे किती असावे यावर आपल्याकडे २०१६ साली नियम झाला आणि १ नोव्हेंबर २०१७ पासून दहा लाख भागांत ९० भागांपेक्षा जास्त शिसे नको असे ठरले. त्याआधीच्या रंगांत, विशेषतः पिवळ्या-केशरी-लाल तेलरंगांत, शिसे असू शकते. ती धूळ लहान मुलांच्या पोटात गेली तर त्यांच्या मेंदूच्या वाढीला अपाय होतो. म्हणून दारे-खिडक्यांचा जुना रंगसुद्धा ओलाच घासून घ्या.

आवरण्याचे काम तर आपल्याच वाट्याला येते. केरसुणी नको, झटकणे नको, पंखा बंद. घरातला साधा व्हॅक्युम क्लीनरही नको, तो बारीक धूळ मागच्या बाजूने पुन्हा खोलीत सोडतो. ओल्या फडक्याने वरून खाली पुसत यायचे आणि फडके टाकून द्यायचे. कामाचे कपडे न झटकता पाण्यात बुडवायचे आणि घरच्या कपड्यांपासून वेगळे धुवायचे. काम सुरू होण्याआधी बरण्या, पाण्याची भांडी, वाळत घातलेले कपडे आत न्या आणि स्वयंपाकघराचे दार लावून घ्या. मुलांना त्या दिवशी शेजारी पाठवा.

रंग कोणता लावावा?

धुतलेला पत्रा दोन दिवस कडक वाळू द्या. दमट हवा असेल तर जास्त. मग सिमेंटला चालणारा, खार सहन करणारा प्रायमर एक हात आणि बाहेरच्या भिंतीचा ॲक्रिलिक इमल्शन दोन हात. नव्या सिमेंटच्या बोर्डावर सरळ तेलरंग लावू नका. सिमेंटमधला खार तेलाशी मिळून त्याचा साबण करतो आणि रंग चिकट होऊन सोलून येतो. आपण साबण करायला तेलात कॉस्टिक घालतो, त्यातलाच हा प्रकार. बोर्डाच्या कापलेल्या कडांना प्रायमर जरूर लावा. पाणी तिथूनच शिरते.

जुन्या पत्र्यावर रंगाचा अखंड थर असणे हेच त्याचे संरक्षण. म्हणून तो रंगवणे योग्यच आहे, घासणे योग्य नाही. दरवर्षी पावसाळा संपला की एकदा नजर टाकायची. नवा खिळा, नवा हूक मात्र त्यात ठोकायचा नाही.

मग आमच्याकडे काय झाले?

भावाने दुसऱ्या दिवशी येऊन सगळ्या पडवीला पाण्याचे हबके मारायला लावले. आम्ही दोघांनी ओल्या फडक्यांनी भिंती, बाके, बरण्या पुसल्या. फडक्यांच्या दोन पिशव्या भरल्या. एका दिवसाच्या धुळीने मुलांना काही होईल का, हे मी त्याला तीन-तीनदा विचारले. धोका श्वासातून किती आणि किती दिवस गेले यावर वाढत जातो, एका दिवसाने घाबरून जायचे नाही, पुन्हा मात्र होऊ द्यायचे नाही, असे तो म्हणाला. तुमच्या घरी असे पूर्वी झाले असेल तर तुम्हीही लगेच एक्स-रे काढायला धावू नका.

पण मामांचे काय? माझ्या घरी एक दिवस, त्यांच्या आयुष्यात तीस वर्षे. त्या दिवशी पडवीच्या चार पायऱ्या चढताना ते थांबले. "दम लागतो हल्ली. विडीचा असंल," म्हणाले. मी त्यांना चहा दिला आणि म्हटले, "मामा, सिव्हिलमध्ये जाऊन छाती तपासून घ्या. आणि डॉक्टरांना विडीचं सांगाल तसं धुळीचंही सांगा. काय काय घासलंत ते सगळं." सिलिकोसिस किंवा ॲस्बेस्टॉसिस असेल तर विडी त्यात तेलच ओतते. ते हसले. जातो म्हणाले. गेले की नाही, मला अजून ठाऊक नाही. मी विचारत असते.

काम दोन दिवस अडले. ती दोन दिवसांची मजुरी मी दोघांनाही दिली. चूक माझ्या सांगण्यातली होती, त्यांच्या पोटाला चिमटा कशाला? त्यासाठी या दिवाळीत माझी साडी राहिली. आमच्या ह्यांनी हिशेबाच्या वहीत तो खर्च 'धूळ' म्हणून लिहिला आहे. थट्टाच ती, पण वही पाहिली की बरे वाटते.

भाच्याला दोन एन-९५ मास्क आणून दिले. पहिल्या दिवशी तो लाजला, "काकू, बाकीचे पोरं हसतील." मी म्हटले, "हसू देत. नाक पट्टीपाशी दाब, चष्म्यासारखं." मग नव्या बोर्डाचे सांधे त्याने वॉटरपेपरने घासले. अर्ध्या दिवसाचे काम एका दिवसावर गेले, पण बादलीतल्या पाण्याखेरीज कुठे काही उडाले नाही. संध्याकाळी निघताना त्याच्या भुवया काळ्याच होत्या.

पडवीची भिंत आता फिकट हिरवी आहे. जवळून पाहिले तर जुन्या पोपड्यांच्या कडा रंगाखालून दिसतात. पाडव्याला जाऊबाई आल्या होत्या. भिंतीवरून हात फिरवून म्हणाल्या, "पेंटरने नीट घासलं नाही वाटतं." मी म्हटले, "नाही. मीच नको म्हटलं."

तर मैत्रिणींनो, यंदा पेंटरला बोलवाल तेव्हा रंगाची छटा सांगण्याआधी पत्रा कधीचा आहे ते त्यांना सांगा, आणि एक बादली पाणी हाताशी ठेवा. पुढच्या खेपेला पावसाळ्यात दमट झालेल्या कपाटांविषयी बोलू.